प्रायमर लावायला ब्रश कुठला घ्यायचा? सोलापूरच्या उन्हात मेकअप टिकवायचा असेल तर हे नीट वाचा

नव्या पेठेत मेकअपचं सामान घ्यायला गेलं की फाउंडेशनची शेड आपण हातावर लावून बघतो, दुकानाच्या बाहेर येऊन उजेडात बघतो, मैत्रिणीला दाखवतो, आणि ब्रशची वेळ आली की "दादा, तो बारा ब्रशचा सेट द्या" म्हणून एक पाउच उचलून घरी येतो. त्या सेटमधला कुठला ब्रश कशासाठी हे कुणी सांगत नाही, आणि प्रायमरसाठी, म्हणजे फाउंडेशनच्या आधी त्वचेवर लावतात त्या क्रीम-जेलसाठी, ब्रश बघून घ्यायचा असतो हे तर खूप जणींच्या डोक्यातच येत नाही. मी लग्नाचे, साखरपुड्याचे, डोहाळजेवणाचे मेकअप करते आणि मला अगदी मनापासून वाटतं की मेकअप फुटतो, वितळतो, नाकाच्या बाजूला भेगा पडतात, यातली बरीच भानगड फाउंडेशनच्या आधीच झालेली असते. प्रायमर महागातला असतो पण लावलेला चुकीच्या ब्रशने असतो.

आधी प्रायमरचं काम काय ते बघू, कारण ते कळलं की ब्रश आपोआप कळतो. सोलापूरकरांना हे समजायला सोपं आहे. मागावर जायच्या आधी ताण्याच्या सुताला खळ लावतात, बरोबर? खळ कमी पडली तर सूत तुटतं, जास्त झाली तर कडक होऊन पावडर झडते, आणि सगळीकडं सारखी बसली तरच माग नीट चालतो. प्रायमरचं तसंच आहे. त्वचेवर पातळ, सारखा, नीट बसलेला एक थर पाहिजे, बास. म्हणजे ब्रशची कामं दोनच, प्रायमर स्वतः पिऊन टाकायचा नाही आणि त्वचेवर दाबून बसवायचा, ओरबाडत फिरायचं नाही.

मुळात ब्रश लागतो का?

खरं सांगायचं तर दर वेळी लागत नाही. रोज ऑफिसला जाताना वाटाण्याएवढा प्रायमर घेऊन बोटांनी लावला तरी चालतं, उलट जाड सिलिकॉनचा प्रायमर बोटांच्या उबेने छान पसरतो. पण बोटांचा प्रॉब्लेम असा की नाकपुडीच्या कडेला, डोळ्याच्या आतल्या कोपऱ्यात, ओठांच्या खाली बोट नीट पोचत नाही आणि गालावर मात्र दाट थर बसतो. शिवाय उन्हाळ्यात हाताला घाम असतो, तो घाम आणि बोटांचं तेल प्रायमरखाली जातं. मेकअप पाच-सहा तास टिकवायचा असेल, फोटो असतील, गालावरचे पोअर्स, म्हणजे त्वचेची बारीक छिद्रं, मोठी असतील किंवा दुसऱ्याच्या चेहऱ्यावर काम करायचं असेल तर ब्रश घ्याच. स्पंज मात्र मी प्रायमरला सहसा वापरत नाही, पातळ प्रायमर तो भसाभस पितो.

आधी प्रायमरची ट्यूब वाचा, मग ब्रश निवडा

सगळ्यात महत्त्वाचा भाग हाच आहे म्हणून इथे जरा थांबून वाचा. "बेस्ट प्रायमर ब्रश" असा एकच ब्रश नसतो. प्रायमर कसला आहे त्यावर ब्रश ठरतो, आणि प्रायमर कसला आहे ते खोक्याच्या मागच्या यादीत असतं. यादीत वरच्या दोन-तीन नावांत डायमेथिकोन, सायक्लोपेंटासिलॉक्सेन असं काही दिसलं, म्हणजे शेवटी "कोन" किंवा "सिलॉक्सेन" येणारी नावं, तर तो सिलिकॉनचा प्रायमर. बोटावर घेतला की मखमलीसारखा घसरतो आणि त्वचेत मुरल्यासारखा वाटत नाही. पाणी पहिलं असेल आणि सिलिकॉनची नावं खाली असतील किंवा नसतीलच तर तो पाण्याचा किंवा जेलचा प्रायमर, तो लावल्यावर थोडा गार लागतो आणि पटकन वाळतो. काही प्रायमरमध्ये पाणी पहिलं असून लगेच मागे सिलिकॉन असतं, तेव्हा बोटावर घासून बघा, घसरत असेल तर सिलिकॉनवाल्यासारखं धरा.

सिलिकॉनच्या जाड प्रायमरला दाट, सपाट माथ्याचा सिंथेटिक ब्रश पाहिजे, दुकानात त्याला फ्लॅट टॉप किंवा काबुकी म्हणतात. केस आखूड आणि गच्च असतात, माथा कापल्यासारखा सपाट. पोअर्समध्ये प्रायमर बसवायचा म्हणजे त्याला वरून दाब लागतो आणि हा दाब मऊ लेचापेचा ब्रश देऊच शकत नाही. फक्त एक गोष्ट, दाट ब्रशला थेट ट्यूबवर लावू नका, प्रायमर केसांच्या मुळापर्यंत जाऊन बसतो आणि परत निघत नाही.

पातळ, पाण्याच्या, जेलच्या, चमक देणाऱ्या प्रायमरला ड्युओ फायबर ब्रश घ्या. ओळखायला सोपा आहे, केस दोन लांबीचे असतात, खाली काळे दाट आणि वर पांढरी टोकं विरळ. विरळ टोकांमुळे प्रायमर फार कमी उचलला जातो आणि हलका पसरतो, ओरखडे उठत नाहीत. घेताना विचारून घ्या बरं का, कारण या ब्रशमध्ये शेळीचे केस आणि सिंथेटिक असं मिक्स पण मिळतं, आपल्याला पूर्ण सिंथेटिकच पाहिजे.

क्रीमसारखा मॉइश्चर देणारा प्रायमर असेल, जो गड्ड्याच्या यात्रेच्या दिवसांत, संक्रांतीच्या आसपास त्वचा कोरडी पडते तेव्हा लागतो, त्याला चपटा, टोकाला गोलसर असा फाउंडेशन ब्रश चालतो. मला तो फारसा आवडत नाही कारण रेघा राहतात आणि मग बोटांनी थापटून त्या घालवाव्या लागतात. पण घरात तोच असेल तर नवा आणायला पळू नका.

डोळ्यांच्या प्रायमरला आणि नाकाच्या कडेला छोटा चपटा कन्सीलर ब्रश, रुंदी साधारण 1 सेंटिमीटर. स्टिक किंवा बामसारख्या घट्ट प्रायमरला पण हाच, छोटा आणि दाट, जिथे पोअर्स तिथेच लावायचा. स्प्रे प्रायमरला ब्रश लागतच नाही, चेहऱ्यावर मारा आणि वाळू द्या, फार तर कोरड्या ड्युओ फायबरने हलकं थापटा.

आता बजेट कमी आहे आणि एकच घ्यायचा असेल तर? तेलकट किंवा मिक्स त्वचा असेल तर मध्यम दाट फ्लॅट टॉप घ्या, माथा साधारण अडीच ते तीन सेंटिमीटर रुंद. कोरडी त्वचा असेल तर ड्युओ फायबर. सोबत तो छोटा कन्सीलर ब्रश. दोन ब्रशमध्ये प्रायमरचं सगळं काम होतं, बारा ब्रशच्या सेटमध्ये प्रायमरच्या कामाचे तसेही एक-दोनच निघतात आणि त्यांचीच क्वालिटी सगळ्यात हलकी असते.

केस: इथे फसवणूक जास्त होते

प्रायमरला नॅचरल केसांचा ब्रश घेऊ नका, कितीही मऊ असला तरी. शेळीच्या, खारीच्या, घोड्याच्या केसावर आपल्या केसासारखेच बारीक खवले असतात, त्यात पावडर छान अडकते म्हणून ते ब्लशला, फेस पावडरला मस्त. पण द्रव पदार्थ ते धरून ठेवतात, फुगतात आणि सारखं धुवून लवकर खराब होतात. सिंथेटिक केस म्हणजे नायलॉन, टॅक्लॉन किंवा पीबीटी असे प्लास्टिकचे धागे, ते गुळगुळीत असतात, प्रायमर वरच राहतो आणि चेहऱ्यावर उतरतो, धुवायलाही सोपे.

एका लग्नात नवरीच्या बहिणीने स्वतःचा मेकअप स्वतः करायला घेतला होता, पूर्व भागातलं कार्यालय, कूलर लांब कोपऱ्यात. ती मला म्हणाली, "ताई, कितीबी लावलं तरी गायबच व्हायलंय की ओ." मी तिचा ब्रश हातात घेतला, केस बाजूला करून मुळाशी बघितलं तर धातूच्या पट्टीजवळ प्रायमरचा पांढरा गोळा बसलेला, वरची टोकं कोरडी. ब्रश पावडरचा होता, मोठा, फुगीर, नॅचरल केसांचा. दिसायला त्या पाउचमधला सगळ्यात भारी तोच होता म्हणून तिने उचलला. तिला सपाट सिंथेटिक ब्रश दिला, त्याच प्रायमरचा निम्मा भाग पुरला आणि तिच्या आईने लगेच विचारलं, "वैनी, हा ब्रश कुठं मिळंल?"

दुकानदार "सिंथेटिक आहे" म्हणतोय पण खात्री नाही, मग घरी आणल्यावर सूत ओळखायची आपली जुनी पद्धत वापरा. ब्रशचा गळालेला एक केस चिमट्यात धरून, वॉशबेसिनवर, लहान मुलं लांब ठेवून काडीने पेटवा. सिंथेटिक असेल तर वितळून टोकाला कडक मणी होतो. नॅचरल असेल तर जळक्या केसांचा वास येतो आणि राख चुरगळते. ज्यांच्या घरी माग आहेत त्यांना हे सांगायला नको.

दुकानात उभं राहून काय बघायचं

पॅकिंग फोडू देत नसतील तर तिथून ब्रश घेऊ नका, सरळ दुसऱ्या दुकानात जा. हातात आला की आधी मनगटाच्या आतल्या बाजूला किंवा गालावर दाबून गोल फिरवा. हाताच्या तळव्यावर बघण्यात अर्थ नाही, तिथली कातडी जाड, टोचलेलं कळत नाही. मनगटावर जरा जरी टोचला तर चेहऱ्यावर नक्की टोचणार, टोकं नीट घासलेली नाहीत असा त्याचा अर्थ.

मग केस अंगठ्याने एका बाजूला दाबा आणि सोडा. लगेच सरळ उभे राहिले पाहिजेत, आळसावल्यासारखे वाकडे राहिले तर दाब देता येणार नाही. दोन बोटांत धरून हलकं ओढा, नव्या ब्रशचा एखादा केस निघाला तर चालेल, झुपका निघत असेल तर ठेवून द्या. दांडा एका हातात आणि धातूची पट्टी दुसऱ्या हातात धरून फिरवून बघा, हलत असेल तर गोंद कच्चा आहे, आपल्याकडच्या उन्हाळ्यात तो अजून सुटणार. रंगीत केसांचा ब्रश असेल तर ओल्या पांढऱ्या टिश्यूवर घासा, रंग सुटला तर तो रंग तुमच्या गालावर येणार आहे. गुलाबी-जांभळ्या केसांचे ब्रश दिसतात छान पण मी साधे पांढरे किंवा तपकिरी टोकाचेच घेते, किती मळलाय ते दिसतं.

ऑनलाइन घेत असाल तर फोटोपेक्षा माप वाचा. केसांची लांबी दोन ते अडीच सेंटिमीटर असेल तर दाब चांगला बसतो, चार-पाच सेंटिमीटर असेल तर तो पावडरचा ब्रश आहे, नाव काहीही दिलेलं असो.

आता लावायचं कसं

तोंड धुऊन मॉइश्चरायझर लावा, दिवसाचा कार्यक्रम असेल तर त्यावर सनस्क्रीन, आणि मग खरोखर थांबा. पाच मिनिटं तरी. घाईघाईत ओल्या मॉइश्चरायझरवर प्रायमर घासला की मळ निघाल्यासारख्या वळ्या निघतात आणि सगळे प्रायमरला नावं ठेवतात. थांबूनही चिकट लागत असेल तर टिश्यू चेहऱ्यावर ठेवून नुसता दाबा, पुसू नका.

प्रायमर ट्यूबमधून हाताच्या मागच्या बाजूला काढा, पूर्ण चेहऱ्याला वाटाण्याएवढा पुरतो. ब्रशचं फक्त टोक त्यात टेकवा आणि हातावरच एक-दोनदा थापटून सारखं करून घ्या, म्हणजे एकाच ठिकाणी गोळा पडत नाही. सुरुवात नाकाच्या बाजूच्या गालापासून, जिथे पोअर्स सगळ्यात जास्त. तिथे ब्रश सरळ उभा धरा, नव्वद अंशात, आणि ठप ठप दाबत जा. सिलिकॉनचा असेल तर दाबल्यावर अगदी छोटे गोल, नाण्यापेक्षाही लहान, हलक्या हाताने. मोठे गोल फिरवलेत तर आत गेलेला प्रायमर परत बाहेर येतो. पोअर्सची तोंडं वेगवेगळ्या बाजूला असतात, म्हणून आधी वरून खाली आणि मग बाजूने असं दोन दिशांनी दाबलं की भरतात नीट.

मग ब्रशवर जे उरलंय तेच कपाळावर मधून बाहेर, नाकावर, हनुवटीवर. गालाच्या बाहेरच्या भागाला, कानाजवळ, जबड्याला नवीन प्रायमर घेऊ नका, तिथे पोअर्स नसतातच फार. तिथे ब्रश वरून खाली न्या, चेहऱ्यावरच्या बारीक लवेच्या दिशेने, उलटा नेला की लव उभी राहते आणि फाउंडेशन नंतर त्यावर बसून दिसायला लागतं. ज्यांना लव जास्त आहे त्यांनी हे फार लक्षात ठेवा. नवरदेवाला लावताना पण तसंच, ताजी दाढी केलेल्या जागी वरून खाली आणि दाबूनच, घासलं की आग होते.

शेवटी छोटा ब्रश घेऊन नाकपुडीची घडी, ओठांचे कोपरे आणि पापण्या. पापणीवर तांदळाच्या दाण्याएवढा प्रायमर दोन्ही डोळ्यांना मिळून पुरतो. डोळ्यांखाली फेस प्रायमर शक्यतो नकोच, फार जाड होतं आणि रेषांमध्ये साचतं.

पिकलेले पिंपल्स असतील तर त्यावर ब्रश फिरवू नका. आजूबाजूला लावा, पिंपलवर स्वच्छ इअरबडने थेंब टेकवा, नायतर तोच ब्रश सगळ्या गालावर ते पसरवत जातो.

लावून झालं की एक-दोन मिनिटं थांबा आणि बोटाची मागची बाजू गालाला लावून बघा. घसरतंय पण चिकटत नाही असं वाटलं की झालं. ओलसर वाटलं तर अजून थांबा. फाउंडेशनला दुसरा ब्रश घ्या, प्रायमरवाल्या ब्रशनेच लावलं तर दोन्ही मिसळून पॅच पडतात. फाउंडेशन पाण्याचं आणि प्रायमर पक्क्या सिलिकॉनचा असेल तर काही वेळा दोघांचं जमत नाही, फाउंडेशन सरकतं, म्हणून लग्नाच्या दिवशी पहिल्यांदा जोडी लावू नका, आधी जबड्याजवळ एका बाजूला लावून दोन-तीन तास ठेवून बघा.

एप्रिल-मेची गोष्ट वेगळी

आपल्याकडं एप्रिल-मेमध्ये पारा 40 च्या वर असतो, कधी 43 पर्यंत जातो, आणि लग्नं नेमकी तेव्हाच. अशा वेळी प्रायमर वाढवायचा नाही, कमी करायचा. फक्त नाक, कपाळाचा मधला भाग, नाकाशेजारचे गाल आणि वरच्या ओठाची जागा, तिथेच दाट ब्रशने पातळ थर. घाम आलेल्या कातडीवर प्रायमर लावायचाच नाही, तो पाण्यावर तरंगतो आणि अर्ध्या तासात सगळं सुटतं. नवरीला पंख्यासमोर पाच मिनिटं बसवा, मानेवर गार ओला रुमाल ठेवा, घाम टिश्यूने टिपा, मग सुरू करा. मावशी, आत्या मागून "लवकर आवरा, मुहूर्त चुकंल" म्हणत असतात, त्यांना पाणी द्या आणि थांबा. ट्यूब आणि ब्रश गाडीच्या डिकीत ठेवू नका, प्रायमर पातळ होऊन वेगळा होतो आणि ब्रशचा गोंद सैल पडतो.

धुणं, आणि आपलं पाणी

सिलिकॉन नुसत्या पाण्याने आणि साध्या शाम्पूने निघत नाही. ब्रश हाताला तेलकट लागत राहतो, आपण परत परत धुतो आणि केस खराब करतो. त्यापेक्षा कोरड्या ब्रशच्या टोकांवर आधी क्लींझिंग ऑइल किंवा खोबरेल तेलाचे दोन थेंब चोळा, टिश्यूवर पुसा, मग बेबी शाम्पू किंवा भांड्यांच्या लिक्विडचा एक थेंब तळहातावर घेऊन ब्रश गोल फिरवा. पाण्याच्या प्रायमरला तेलाची पायरी लागत नाही. धुताना केस कायम खालच्या बाजूला, पाणी धातूच्या पट्टीत गेलं की आतला गोंद सुटतो, दांडा फुगतो आणि एक दिवस डोकं हातात येतं.

आता पाण्याचं. बोअरचं पाणी जड, फेस होत नाही, आणि त्यातले क्षार केसांवर बसून ब्रश महिन्याभरात खराट्यासारखा होतो. ब्रश महागातला असूनही टोचायला लागला असेल तर आधी पाण्यावर संशय घ्या. नळाचं पाणी काही दिवसांआड येतं त्यामुळे ते सगळं ब्रशवर घाला असं मी म्हणणार नाही. बोअरच्या पाण्यात धुवा पण शेवटचं खळबळणं एक वाटीभर फिल्टरच्या किंवा जारच्या पाण्यात करा, तेवढ्याने खूप फरक पडतो. आधीच कडक झालेला सिंथेटिक ब्रश असेल तर वाटीभर पाण्यात चमचाभर पांढरं व्हिनेगर घालून फक्त टोकं दोन मिनिटं बुडवा आणि चांगल्या पाण्यातून काढा.

वाळवताना उभा ठेवायचा नाही, टेबलाच्या कडेला आडवा ठेवा, केसांचा भाग हवेत. गच्चीवर उन्हात तर अजिबात नको. घरात पंख्याखाली उन्हाळ्यात रात्रीतून वाळतो, पावसाळ्यात दाट ब्रशला दीड दिवस द्या, आतून ओला राहिला की वास यायला लागतो.

स्वतः एकटीच वापरत असाल तर आठवड्यातून एकदा धुतलं तरी पुरे, पिंपल्स असतील तर दर वापरानंतर. पार्लरमध्ये किंवा लग्नात एकीवरून दुसरीवर जाताना न धुतलेला ब्रश कधीच नाही. घाई असेल तर दोन-तीन सेट जवळ ठेवा. धुतलेल्या ब्रशवर 70 टक्क्यांचं आयसोप्रोपिल अल्कोहोल मारून पूर्ण वाळू द्यायचं हे त्याच्या वर, धुण्याच्या ऐवजी नाही. तुमचा मेकअप करणारीला "ताई, ब्रश धुतलेला आहे ना?" असं बिनधास्त विचारा, चांगल्या आर्टिस्टला त्याचा राग येत नाही.

धुवून, वाळवूनसुद्धा केस पसरलेलेच राहत असतील, माथा सपाट न राहता फुलासारखा उघडला असेल किंवा मनगटावर टोचायला लागला असेल तर तो ब्रश चेहऱ्यावरून काढा. शिवणाच्या मशीनची धूळ झाडायला, कीबोर्ड पुसायला तो अजून वर्षभर कामाला येतो.